व्याजाचा दर आणि विश्वासाचा आधार

गेवराई तालुक्यातील तलवाडा हे त्वरिता देवीच्या देवस्थानामुळे परिचित असलेले गाव. अशा गावांत पैशाचा व्यवहार कागदापेक्षा ओळखीवर अधिक चालतो. शेतकरी दुकानदाराला ओळखतो, दुकानदार आडत्याला. आणि ठेव गोळा करणारा प्रतिनिधी तर बहुधा शेजारच्याच घरातला असतो. ही ओळख म्हणजे ग्रामीण व्यापाराचे भांडवलच. मात्र खातरजमेची जागा ओळखीने घेतली की काय घडते, हे बीड जिल्ह्याने नुकतेच अनुभवले आहे.

बीड येथे मुख्यालय असलेल्या ज्ञानराधा मल्टिस्टेट सहकारी पतसंस्थेने बँकांपेक्षा अधिक व्याज देऊ करून ठेवी गोळा केल्या. ऑक्टोबर २०२३ मध्ये संस्थेशी संबंधित उद्योगसमूहावर आयकर विभागाने छापे घातले. ठेवीदारांची रीघ लागली, रकमा मिळेनाशा झाल्या आणि पुढे शाखांना कुलपे लागली. ठेवीदारांचे दोन हजार कोटींहून अधिक रुपये संस्थेच्या अध्यक्षांच्याच समूहाकडे कर्जरूपाने वळविण्यात आले, असा सक्तवसुली संचालनालयाचा आरोप आहे. जून २०२४ मध्ये अध्यक्षांना अटक झाली. कोणाची निवृत्तीची पुंजी, कोणाच्या मुलीच्या लग्नाची तजवीज, कोणाचे जमीन विकून आलेले पैसे, सारेच अडकून पडले.

येथे एक भेद प्रत्येक पेढीने जाणून घ्यावा. बँकेतील ठेवीला ठेव विमा महामंडळाचे प्रत्येक ठेवीदारामागे, प्रत्येक बँकेत व्याजासह पाच लाख रुपयांपर्यंत संरक्षण असते. फेब्रुवारी २०२० पर्यंत ही मर्यादा एक लाख होती. पतसंस्थेला, मग ती मल्टिस्टेट का असेना, हे संरक्षण लागू नाही. मल्टिस्टेट संस्थांची नोंदणी २००२ च्या कायद्यानुसार केंद्रीय सहकार निबंधकांकडे होते. त्यांच्यावर बँकांप्रमाणे रिझर्व्ह बँकेची देखरेख नसते. चकचकीत शाखा, संगणकीकृत पासबुक आणि गणवेशातील कर्मचारी पाहून सामान्य माणूस तिला बँकच समजतो. व्याजातला जादा टक्का हे या गैरसमजाचे मोल असते.

म्हणून ठेव ठेवण्यापूर्वी विचारावे : ही संस्था कोणाच्या नियंत्रणाखाली आहे? ठेवीला विमा आहे काय? जमा झालेला पैसा कर्जाऊ कोणाला दिला जातो? रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०१६ मध्ये सुरू केलेल्या ‘सचेत’ या संकेतस्थळावर, ठेवी स्वीकारण्याची परवानगी कोणाला आहे हे पाहता येते आणि तक्रारही नोंदवता येते.

कराच्या नावाने होणारी फसवणूकही याच जातीची. फरक इतकाच, की तेथे लोभाऐवजी भीतीचा उपयोग केला जातो. ‘तुमचा परतावा मंजूर झाला आहे’ किंवा ‘तुमच्यावर कारवाई होणार आहे’ असा संदेश येतो आणि सोबत एक दुवा असतो. १ ऑक्टोबर २०१९ पासून आयकर विभागाच्या नोटिशीवर दस्तऐवज ओळख क्रमांक असणे आवश्यक आहे. तो विभागाच्या संकेतस्थळावर कोणालाही पडताळता येतो. नव्या पुरवठादाराचा पंधरा अंकी-अक्षरी जीएसटी क्रमांकही खरेदीपूर्वीच तपासावा. महाराष्ट्रातील क्रमांक २७ ने सुरू होतो आणि त्यापुढील दहा स्थानांवर पॅन असतो. बनावट बिलावर घेतलेली करवजावट खरेदीदारालाच परत भरावी लागते, वर व्याज आणि दंड वेगळा.

इतके करूनही ऑनलाइन फसवणूक झालीच, तर लाजेपोटी गप्प बसू नये. १९३० या क्रमांकावर तत्काळ कळवल्यास रक्कम पुढे सरकण्याआधी गोठवली जाण्याची शक्यता असते. ठेवी बुडाल्यास महाराष्ट्राचा १९९९ चा ठेवीदार हितसंरक्षण कायदा आहे. त्यासाठी पावत्या, पासबुक आणि पैसे भरल्याचे पुरावे जपून ठेवावेत.

उधारीवर माल देताना आपले वाडवडील समोरच्याची पत चार ठिकाणी विचारून घेत. त्यात कोणाचा अपमान होत नसे. तो व्यवहाराचाच भाग होता. माल देताना जी चौकशी आपण करतो, ती आयुष्याची पुंजी सोपवताना का करू नये?