लोंबत्या दरीतली वाडी

वाटेंडलॅथ ही इंग्लंडच्या वायव्येला, कंब्रिया परगण्यातल्या लेक डिस्ट्रिक्टमध्ये डोंगरात वसलेली वाडी आहे. समुद्रसपाटीपासून सुमारे 260 मीटर उंचीवर एक लहानसे तळे आणि त्याच्या काठी दगडी भिंतींची, स्लेटच्या छपरांची मोजकी घरे, एवढाच तिचा पसारा. ज्या वस्तीला स्वतःचे चर्च नाही तिला खेडे न म्हणता वाडी म्हणायचे, असा इंग्लंडमधला जुना रिवाज आहे. वाटेंडलॅथ त्यात चपखल बसते. केसविक हे बाजारपेठेचे गाव इथून जेमतेम आठ किलोमीटरवर आहे. पण डरवेंटवॉटर सरोवराच्या काठावरून वर चढणारा अरुंद रस्ता वाडीत येऊन संपतो. पुढे डोंगरवाटा तुडवायच्या.

ही जागा घडवली ती बर्फाने. इथला खडक सुमारे 45 कोटी वर्षांपूर्वीच्या ज्वालामुखींचा. हिमयुगात शेजारच्या बॉरोडेल दरीतून प्रचंड हिमनदी सरकत होती आणि तिने आपला तळ खोल कोरून काढला. वाटेंडलॅथच्या बाजूच्या दरीतला बर्फ त्या मानाने थोडा, म्हणून तिचा तळ वरच राहिला. बर्फ वितळल्यावर ही दरी मुख्य दरीच्या कडेला अधांतरी उरली. भूगोलाच्या पुस्तकात ‘लोंबती दरी’ म्हणून जी आकृती असते, तिचा हा अस्सल नमुना. तळ्यातून निघणारा ओढा उत्तरेकडे जवळजवळ सपाटीवरून रमतगमत जातो आणि दरीचे तोंड येताच शिळांवर आपटत डरवेंटवॉटरच्या दिशेने कोसळतो. हाच लोडोरचा धबधबा. केसविकला राहणाऱ्या रॉबर्ट साउदीने 1820 मध्ये त्याच्यावर कविता लिहिली आणि तो इंग्रजी शाळांमधून घरोघरी पोचला. पाऊस झाल्यावर तो धो धो वाहतो. कोरड्या उन्हाळ्यात मात्र नुसते ओले दगड दिसतात.

मध्ययुगात वाटेंडलॅथ यॉर्कशरमधल्या फाउंटन्स मठाच्या मालकीचे होते. 1132 मध्ये स्थापन झालेल्या या सिस्टर्शियन मठाची श्रीमंती लोकरीवर उभी होती, आणि पिकाला नालायक पण चराईला उत्तम असा हा डोंगर त्याच्या कामाचाच होता. आठव्या हेन्रीच्या काळात, 1539 मध्ये, मठ बरखास्त झाला. मेंढ्या मात्र राहिल्या. तळ्याच्या तोंडाशी ओढ्यावर एका कमानीचा जुना दगडी पूल आहे. माल लादलेल्या तट्टांसाठी असे पूल बांधत. त्यांचे कठडे मुद्दाम ठेंगणे ठेवत किंवा ठेवतच नसत, म्हणजे तट्टाच्या दोन्ही अंगांना लटकणारी ओझी अडकत नसत.

विसाव्या शतकात चित्रकार आणि कादंबरीकार इथे आले. डोरा कॅरिंग्टनने 1921 मध्ये रंगवलेले इथल्या शेतघराचे चित्र आज लंडनच्या टेट संग्रहालयाकडे आहे. त्यात घरामागचा डोंगर जवळजवळ सगळे आकाश व्यापतो आणि माणसे अगदी चिमुकली दिसतात. वाडीचे इतके खरे वर्णन शब्दांत क्वचितच सापडेल. ह्यू वॉलपोलने 1931 च्या ‘जुडिथ पॅरिस’ या कादंबरीत नायिकेला इथे राहायला आणले. वाचक ते घर शोधत येऊ लागले आणि आडबाजूच्या वाडीला पर्यटकांची सवय झाली.

तरीही वाडीचा कणा मेंढपाळीच आहे. हर्डविक ही इथली जात. कोकरू जन्मते काळे. वय वाढते तसा लोकरीचा रंग तपकिरी, मग करडा होत जातो. वरच्या मोकळ्या डोंगरावर कुंपण नसते. मेंढी आपल्या ठरलेल्या टापूतच चरते आणि मागे फिरणारे कोकरू तिच्याकडून त्या हद्दी शिकते. हे ज्ञान कळपातच पिढ्यान् पिढ्या चालते. 2001 मध्ये लाळ्या-खुरकताची साथ आली, तेव्हा कंब्रियात फार मोठ्या संख्येने जनावरे मारावी लागली. त्या वेळची खरी धास्ती हीच होती: मेंढ्या विकत आणता येतील, पण डोंगर ओळखणारा कळप कुठून आणायचा?

वाडी आज नॅशनल ट्रस्ट या संस्थेच्या ताब्यात आहे. नवी घरे उठली नाहीत, गडग्यांच्या रेषा जुन्याच राहिल्या. लेक डिस्ट्रिक्टला 2017 मध्ये युनेस्कोचा जागतिक वारसा दर्जा मिळाला, तो नुसत्या देखाव्याला नव्हे. ही मेंढपाळीही त्यात मोजली गेली. ट्रस्टच्या या भागातल्या अनेक शेतांवर कळप जमिनीबरोबरच कुळाकडे सोपवला जातो. कूळ बदलले तरी मेंढ्या तिथेच राहतात आणि जाणाऱ्याला तेवढाच कळप मागे ठेवून जावे लागते.