आहेर आणि अपेक्षा

विवाहप्रसंगी आप्तेष्टांनी वधूवरांस अथवा त्यांच्या मातापित्यांस स्वखुशीने दिलेले वस्त्र, वस्तू वा रोकड म्हणजे आहेर. परंतु पानामागे खर्च किती पडला आणि पाकिटांतून किती जमले यांचा मेळ घालणारी कुटुंबे त्यास भोजनखर्चाची वसुली समजतात, आणि या समजुतीपायी यजमान व पाहुणे दोघेही विनाकारण अवघडतात.

मंडपाच्या दाराशी बसलेला एखादा आप्त नाव, गाव आणि ‘रुपये 501’ असे आहेराच्या वहीत टिपून घेतो, व पुढे त्या पाहुण्याच्या घरी कार्य निघाले की ती वही उघडली जाते, यावरून आहेर हे कर्जच होय असे वाटणे स्वाभाविक आहे. तथापि शेजारणीची वाटी रिकामी परत करू नये म्हणून आपण तीत काही घालतो, पण घालताना तोलून पाहत नाही, तोच न्याय येथे लागू आहे. वही स्मरणासाठी असते, तगाद्यासाठी नव्हे.

यादी ठेवणे कायद्यासही अभिप्रेत आहे. 1961 च्या हुंडा प्रतिबंधक कायद्याखालील 1985 च्या नियमांनुसार भेटींची यादी, देणाऱ्याचे नाव, नाते व अंदाजे किंमत यांसह, लेखी ठेवावी लागते. आणि वधूला मिळालेला आहेर हे तिचे स्त्रीधन (तिच्या स्वतःच्या मालकीची संपत्ती) असल्याने तो लग्नखर्चापोटी जमा धरणे सर्वथा गैर होय.

म्हणून खर्चाचा अंदाज आहेर शून्य धरूनच बांधावा. आहेर नको असल्यास निमंत्रणपत्रिकेवर तसे स्पष्ट छापावे, आणि एकदा छापल्यावर मंडपात पाकिटे स्वीकारू नयेत, कारण पत्रिकेवर विश्वास ठेवून रिकाम्या हाती आलेला पाहुणा त्यामुळे उगाच ओशाळतो.