बळी चालतात, कर्णधार चालत नाही!

मुंबई-गोवा रस्त्यावर पेणची रामवाडी लागते. सुट्टीच्या दिवशी मोकळी जागा सापडली की आपली पोरे टेनिसचा चेंडू घेऊन उतरतात. सचिन त्यांना पाठ, शेन वॉर्न पाठ. पण बाळू पालवणकर कोण, असे आम्ही विचारले तर किती जणांना सांगता येईल? दोष पोरांचा नाही. ज्यांनी सांगायचे त्यांनीच सांगितले नाही.

बाळू चांभार समाजातला. मूळ गाव रत्नागिरी जिल्ह्यातले पालवण, जन्म धारवाडचा, बाप पलटणीत. पुण्यात पारशांच्या क्लबात खेळपट्टीची देखभाल करायची, पगार महिना ३ रुपये. पुढे गोऱ्यांच्या क्लबात ४ रुपये. तिथे साहेबांना सराव म्हणून तासन्‌तास गोलंदाजी टाकायची. बॅट साहेबांची, घाम बाळूचा. त्याच घामातून त्याची डावखुरी फिरकी तयार झाली.

पुण्याच्या हिंदूंना गोऱ्यांना हरवायचे होते, म्हणून त्यांनी बाळूला संघात घेतले. मैदानात त्याने हाताळलेला चेंडू सवर्णांना चालत होता. चहा मात्र त्याला पॅव्हेलियनबाहेर, वेगळ्या मातीच्या भांड्यात! चेंडू विटाळत नाही आणि कप विटाळतो, हे कुठले शास्त्र? आपल्याच जिल्ह्यात महाडला १९२७ साली बाबासाहेबांनी चवदार तळ्याचे पाणी ओंजळीत घेतले ते याच शास्त्राविरुद्ध.

पुण्यात प्लेग आला आणि बाळू मुंबईला गेला. १९०६ साली हिंदूंनी युरोपियनांना १०९ धावांनी हरवले, त्यात त्याचा मोठा वाटा होता. १९११ साली पतियाळाच्या महाराजांच्या नेतृत्वाखाली हिंदी संघ इंग्लंडला गेला. संघ हरत होता, बाळू मात्र बळी घेत होता. दौऱ्यात त्याने शंभराहून अधिक बळी घेतले. परतल्यावर मुंबईत दलित समाजाने त्याचा सत्कार केला. त्या सत्कारात विद्यार्थी भीमराव आंबेडकर पुढे होते.

एवढे करूनही हिंदूंनी त्याला कधी कर्णधार केले नाही. १९२० साली तर त्याला आधी संघातूनच वगळले. तेव्हा शिवराम आणि विठ्ठल हे भाऊ निषेध म्हणून संघाबाहेर पडले. मग बाळूला उपकर्णधार करून परत घेतले. १९२३ साली विठ्ठल कर्णधार झाला. हे कुणाच्या दयेने मिळाले नाही, भावांनी भांडून मिळवले.

आता कडू गोष्ट. १९३७ च्या निवडणुकीत हाच बाळू काँग्रेसच्या तिकिटावर बाबासाहेबांविरुद्ध उभा राहिला आणि हरला. म्हणून चळवळीतल्या अनेकांनी त्याचे नाव टाकून दिले. आम्हाला हे पटत नाही. त्याचे राजकारण चुकले, हे आम्ही स्पष्ट सांगू. पण ज्या काँग्रेसने त्याला पुढे केले तिनेही त्याला विसरायचे आणि आपणही विसरायचे, मग त्याचा इतिहास लिहायचा कुणी? मातीच्या भांड्यातला तो चहा तर आपलाच होता ना?

१९५५ साली बाळू मुंबईत वारला. रामवाडीच्या पोरांनो, पुढच्या वेळी चेंडू हातात घ्याल तेव्हा हे नाव एकमेकांना सांगा. आणि संघ निवडताना कर्णधार कोण, हेही नीट बघा.