रानात रेंज गेली तर

मोहफुलं वेचायला, तेंदूपत्ता तोडायला आपण पहाटेच रानात शिरतो. टेकडी ओलांडली की फोनची रेंज जाते.

रेंज शोधण्यात बॅटरी लवकर उतरते, म्हणून फोन फ्लाइट मोडवर ठेवा. उघड्या, उंच जागी आलात की चालू करून बघा. आपल्या कंपनीची रेंज नसली, तरी दुसऱ्या कंपनीचा टॉवर पोहोचत असेल तर मदतीचा ११२ नंबर लागू शकतो.

पण खरा आधार म्हणजे घरी ठेवलेला निरोप. कुठल्या वाटेने, कोणासोबत जाणार, कधी परतणार, हे सांगूनच निघा. वेळ टळली तर कुठे शोधायचं ते गावकऱ्यांना कळेल. वाट चुकलीच तर भटकू नका; एकत्र थांबा, अधूनमधून हाका द्या.