टिपागडची वाट

गड म्हटला की आपल्या डोळ्यांपुढे सह्याद्रीतले बुलंद बुरूज उभे राहतात. गडचिरोली जिल्ह्याच्या ईशान्येस, छत्तीसगडच्या सीमेकडील टिपागड तसा नव्हे. चंद्रपुराहून निघाल्यावर पहिला मुक्काम वैरागडास करावा. 'आईन-इ-अकबरी'त हिऱ्यांच्या खाणीमुळे ज्याची नोंद झाली, तेच हे गाव. तेथील कोट आजही उभा आहे. दुसऱ्या दिवशी पायथ्याचे गाव गाठावे, तिसऱ्या दिवशी गड. पण पायथ्यापासून पुढे स्थानिक वाटाड्यावाचून पाऊल टाकू नये. बांबूच्या दाटीत वाट पाहता पाहता हरवते. शिवाय या मुलखाने नक्षलवादी हिंसाचाराची अनेक वर्षे भोगली आहेत. म्हणून वनखात्यास व पोलीस ठाण्यास विचारूनच निघावे.

वर पोचलेला शहरी माणूस प्रथम थोडा हिरमुसतो. ढासळलेला दगडी तट, एवढेच? मग तळे दिसते, आणि गड येथेच का, हे उमगते. डोंगरमाथ्यावर पाणी नसते तर शिबंदी राहिलीच नसती. लोककथा सांगते की, येथील पुराम राजाची राणी याच तळ्यात बुडाली व तिच्यामागून राजानेही जीव दिला. इतिहास या कथेला पुरावा देत नाही. परंतु गोंड समाजाची या स्थानी श्रद्धा आहे. आपण ज्यांना भग्नावशेष म्हणतो, ते वाटाड्याचे देवस्थान असते. त्याने थांबा म्हटले की थांबावे, तटाचा दगड हलवू नये, आणि तळ्यात उतरण्यापूर्वी त्याला विचारावे.