मणिबेली ते वॉशिंग्टन : मान्यतेचा वळसा

लेखमाला : ओळख आणि सीमा (लेखांक ५)

आपल्याच राज्यात गाऱ्हाणे ऐकून घेणारे कोणी उरले नाही, म्हणजे एखादा समूह आपले म्हणणे देशाबाहेरच्या संस्थांपुढे नेतो आणि तिथून सुटलेला दाब फिरून आपल्याच सरकारवर येईल अशी तजवीज करतो. या वळशाच्या वाटेला मार्गारेट केक आणि कॅथरिन सिकिंक या अमेरिकी अभ्यासकांनी १९९८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या ग्रंथात ‘बूमरँग’ची उपमा दिली. योगायोगाने त्याच वर्षी १ जुलैला धुळे जिल्ह्याचे विभाजन होऊन नंदुरबार हा स्वतंत्र जिल्हा झाला, त्यामुळे अक्कलकुवा आणि अक्राणी हे तालुके आज धुळ्याच्या नकाशात दिसत नाहीत. मात्र या लेखात ज्या काळाची चर्चा आहे त्या काळात तिथल्या पाड्यावरच्या माणसाला जिल्हाधिकाऱ्यापुढे उभे राहायचे, तर डोंगर उतरून धुळ्यालाच यावे लागे, आणि बूमरँगची ती उपमा जगात ज्या थोड्या घटनांना नेमकी लागू पडते त्यांपैकी एक याच डोंगरात घडली.

नर्मदेवरच्या सरदार सरोवर धरणाच्या पाण्याखाली महाराष्ट्रातली ३३ गावे जाणार होती. पुनर्वसनाचा पाया नर्मदा जलविवाद लवादाच्या १९७९ च्या निवाड्याने घातला होता, पण त्याची मांडणी खातेदार गृहीत धरून केलेली होती. आणि सातपुड्यातल्या भिल्ल, पावरा, तडवी कुटुंबांपैकी अनेकांजवळ पिढ्यान्‌पिढ्या कसलेली जमीन होती, सातबारा मात्र नव्हता. नर्मदेच्या खोऱ्यात नेवाड म्हणतात ती जंगल साफ करून केलेली शेती सरकारी दप्तरात ‘अतिक्रमण’ या सदरात मोडे, आणि अतिक्रमणदाराची जमीन बुडाली तर तो बाधित कसा ठरणार, हा प्रश्न कारकुनी वाटला तरी सगळ्या वादाचे मूळ तोच होता. धरणाला विरोध कशासाठी होता हे सांगताना नदी, जंगल आणि संस्कृती यांविषयी पुष्कळ लिहिले गेले आहे. त्या मानाने सातबाऱ्यावरच्या या कोऱ्या रकान्याकडे लक्ष कमी गेले.

या रकान्याला उत्तर सापडले ते अनपेक्षित ठिकाणी. आंतरराष्ट्रीय कामगार संघटनेने १९५७ मध्ये मूलनिवासी आणि आदिवासी समाजांविषयीचा करार क्रमांक १०७ मंजूर केला होता आणि भारताने १९५८ मध्ये त्याला अनुसमर्थन दिले होते. अनुसमर्थन म्हणजे नुसती सही नव्हे, तर कराराने स्वतःला बांधून घेणे. हा करार आज जुनाट ठरला आहे, कारण आदिवासींनी हळूहळू मुख्य समाजात विरघळून जावे अशी त्याची धारणा होती आणि म्हणूनच १९८९ मध्ये त्याच्या जागी १६९ क्रमांकाचा नवा करार आला, ज्याला भारताने अद्याप अनुसमर्थन दिलेले नाही. तरीही जुन्या कराराच्या ११ व्या कलमात परंपरेने वहिवाटलेल्या जमिनीवरचा मालकी हक्क मान्य केलेला होता, आणि १२ व्या कलमात अपरिहार्य कारणाने हलवावे लागले तर निदान तितक्याच प्रतीची जमीन द्यावी असे बंधन होते. कागद असेल तरच हक्क, अशी अट त्यात नव्हती. विचाराने मागासलेला करार कामाला आला आणि पुढारलेला उपयोगी पडला नाही, याचे कारण एवढेच की पहिल्याने सरकार बांधले गेले होते.

दुसरे बंधन कर्जाचे होते. जागतिक बँकेने १९८५ मध्ये या प्रकल्पासाठी ४५ कोटी डॉलर मंजूर केले होते आणि विस्थापित तसेच आदिवासी यांच्याबाबत बँकेचे स्वतःचे लेखी नियम होते. नर्मदा बचाओ आंदोलनाने आणि परदेशातल्या त्याच्या सहकारी संघटनांनी या नियमांवरच बोट ठेवले: १९८९ मध्ये मेधा पाटकर यांनी अमेरिकी काँग्रेसच्या उपसमितीपुढे साक्ष दिली, १९९० मध्ये जपानने जनित्रांसाठीचे अर्थसाहाय्य थांबवले आणि १९९१ मध्ये बँकेला आपल्याच प्रकल्पाची स्वतंत्र चौकशी नेमावी लागली. चौकशीचे प्रमुख ब्रॅडफर्ड मोर्स हे संयुक्त राष्ट्रांच्या विकास कार्यक्रमाचे माजी प्रशासक होते, तर त्यांचे सहकारी थॉमस बर्जर यांनी कॅनडाच्या उत्तरेकडील वायुवाहिनीची चौकशी करताना तिथल्या मूळ रहिवाशांच्या वस्त्यांवर जाऊन साक्षी नोंदवल्या होत्या. अतिक्रमणदार कोणाला म्हणावे, या प्रश्नाकडे धुळ्याच्या महसुली चष्म्यातून न पाहणारा माणूस अशा रीतीने सातपुड्यात आला. जून १९९२ च्या अहवालाने पुनर्वसन सदोष असल्याचे सांगून बँकेला मागे सरण्याचा सल्ला दिला आणि ३० मार्च १९९३ रोजी भारत सरकारने उरलेल्या कर्जावर पाणी सोडले.

या साऱ्यात मणिबेलीचे स्थान वेगळे आहे. अक्कलकुवा तालुक्यातले हे गाव धरणाच्या भिंतीला महाराष्ट्राच्या बाजूने सर्वांत जवळ, म्हणून पाणी प्रथम तिथे चढले आणि पावसाळी सत्याग्रहही तिथेच उभा राहिला. वाढत्या पाण्यात घर न सोडता बसून राहायचे, अशी त्याची रीत होती आणि ‘डूबेंगे पर हटेंगे नहीं’ ही त्याची घोषणा होती. शूलपाणेश्वराचे देऊळही त्याच पाण्यात गेले. पुढे १९९४ मध्ये ४४ देशांतल्या ३२६ संस्था-संघटनांनी मोठ्या धरणांना बँकेने कर्ज देऊ नये अशी मागणी करणारे निवेदन काढले, ते ‘मणिबेली जाहीरनामा’ म्हणूनच ओळखले जाते. ज्या गावाची शेते बुडत होती त्याचे नाव वॉशिंग्टनच्या कागदपत्रांत कायमचे चढले, ही मान्यता खरी. पण ती गावाच्या नावाला मिळाली, गावकऱ्याच्या खात्याला नव्हे.

बँक गेली तेव्हा आनंद झाला आणि तो रास्तही होता, परंतु दाब ज्या दोरीने येत होता ती दोरीही तिच्याबरोबर सुटली, हे थोड्यांनीच त्या वेळी ध्यानात घेतले असावे. आंदोलन १९९४ मध्ये सर्वोच्च न्यायालयात गेले. तिथे १८ ऑक्टोबर २००० रोजी दोन विरुद्ध एक अशा बहुमताने धरणाच्या बाजूने निकाल लागला, आणि त्या बहुमतानेही १०७ क्रमांकाच्या कराराचे तेच १२ वे कलम हाती घेतले, मात्र उलट्या अंगाने: तोलामोलाची जमीन दिली जात असेल तर विस्थापन हा करारभंग होत नाही.

त्याच काळात दुसरी वाट रुळत होती, ती नावाची. मूलनिवासी समूहांसंबंधीच्या संयुक्त राष्ट्रांच्या कार्यगटाची पहिली बैठक ९ ऑगस्ट १९८२ रोजी झाली आणि डिसेंबर १९९४ मध्ये आमसभेने ती तारीख जागतिक दिन म्हणून घोषित केली. महाराष्ट्रात ९ ऑगस्ट हा क्रांतिदिन; त्याच दिवशी आता साक्री, शिरपूर, चोपडा, यावल इथे ढोल आणि तीर-कामठे घेऊन मिरवणुका निघतात, ‘एक तीर, एक कमान, आदिवासी एक समान’ अशी घोषणा होते आणि माणसे एकमेकांना ‘जोहार’ घालतात. चोखामेळ्याच्या अभंगांमुळे मराठी कानाला ओळखीचा असलेला हा शब्द इथे मात्र झारखंडकडच्या आदिवासी चळवळीच्या वळणाने आला आहे; तिथे त्यात दास्य नाही, बरोबरी आहे.

भारत सरकारची भूमिका याहून निराळी आहे. मूलनिवासींच्या हक्कांचा जाहीरनामा १३ सप्टेंबर २००७ रोजी १४४ विरुद्ध ४ मतांनी संमत झाला तेव्हा भारताने बाजूने मत दिले, पण स्वातंत्र्याच्या वेळचे सगळेच भारतीय आणि त्यांचे वंशज मूलनिवासी होत, असा खुलासाही केला. शिवाय जाहीरनामा कराराप्रमाणे बंधनकारक नसतो. राज्यघटनेत ‘अनुसूचित जमाती’ हीच संज्ञा आहे आणि तहसील कचेरीत तीच चालते. यावल-रावेरकडच्या तडवी भिल्लांचे उदाहरण इथे बोलके आहे: ते धर्माने मुसलमान आहेत, पण अनुसूचित जातीला असते तशी धर्माची अट अनुसूचित जमातीला नसल्याने महाराष्ट्राच्या यादीत भिल्ल, पावरा आणि वसावे यांच्याच ओळीत त्यांचे नाव आहे. मिरवणुकीत ते आदिवासी, दाखल्यावर अनुसूचित जमाती, आणि जातवैधता समितीपुढे पुन्हा पुरावे गोळा करणारे अर्जदार.

नेवाडाचा प्रश्न अखेर देशी कायद्यानेच हाती घेतला. २००६ च्या वनहक्क कायद्याने १३ डिसेंबर २००५ पूर्वीपासून जमीन कसणाऱ्या आदिवासीचा हक्क मान्य केला. दावा ग्रामसभेच्या वनहक्क समितीकडे करायचा, तिथून तो उपविभागीय आणि मग जिल्हास्तरीय समितीकडे जातो. पुराव्यासाठी गावातल्या वयस्कांचे जबाब चालतात, बांध-विहिरींच्या खुणा चालतात आणि सरकारी कागदही चालतात. त्यामुळे सातपुड्यात दाव्याच्या फाइलीला अनेकदा घडी पडून मऊ झालेली एखादी पावती जोडलेली असते: वन खात्याने केव्हातरी, त्याच जमिनीवर नांगर घातला म्हणून, अतिक्रमणदाराकडून वसूल केलेल्या दंडाची.