खडखडाट झाला म्हणून भोक पडत नाही

गेल्या दिवाळीत मावसभाऊ न्यू जर्सीहून आला, तो माझ्यासाठी इम्पॅक्ट ड्रायव्हर घेऊनच. वीतभरही लांब नाही, बॅटरीसकट वजन जेमतेम किलोभर. "आमच्याकडे अर्धं घर यानंच उभं राहतं," तो म्हणाला. आईला लगेच हॉलच्या पडद्याचा रॉड आठवला. बीमला दोन भोकं पाडायची होती. मी काँक्रीटचं बिट लावलं, स्टुलावर चढलो आणि ट्रिगर दाबला. कानठळ्या बसवणारा खडखडाट झाला. पाच मिनिटांनी खाली उतरलो तेव्हा हाती आला होता चिमूटभर प्लास्टरचा भुगा आणि टोक करपलेलं बिट. शेवटी शेजारच्या काकांचं जुनं वायरवालं ड्रिल मशीन आणलं आणि अर्ध्या मिनिटात भोक पडलं.

दोष यंत्राचा नव्हता, माझ्या समजुतीचा होता. आपल्या बाजारात 'इम्पॅक्ट' हा शब्द दोन वेगळ्या जातींच्या यंत्रांना लावतात. काकांचं ते इम्पॅक्ट ड्रिल, म्हणजेच हॅमर ड्रिल. त्याचे ठोके छिन्नीसारखे समोर, भिंतीच्या दिशेने बसतात. काँक्रीट फुटतं ते त्यामुळे. इम्पॅक्ट ड्रायव्हरचे ठोके बसतात फिरण्याच्या दिशेने. त्याच्या पोटात खरोखरच एक छोटा घण आणि एक ऐरण असते. स्क्रू सहज जात असतो तोवर दोन्ही एकत्र फिरतात. स्क्रू अडला की घण स्प्रिंग दाबत मागे सरकतो, ऐरणीवरून निसटतो आणि पुढच्या फेरीत तिच्या कडेवर आदळतो. गंजलेला नट हलत नसला की गॅरेजवाला पान्ह्याच्या दांड्यावर हातोडी मारतो ना, तेच काम हे यंत्र मिनिटाला तीनेक हजार वेळा करतं. नट सोडवायला उत्तम, पण दांड्यावर कितीही हातोड्या मारल्या तरी भिंतीला भोक पडणार नाही.

भाऊ खोटं बोलत नव्हता. अमेरिकेतली बरीच घरं लाकडी सांगाड्याची असतात आणि अंगणातले डेक बोटभर लांबीच्या शेकडो स्क्रूंवर उभे असतात. तिथे हे यंत्र राजा. आपल्याकडे घरातली निम्मी कामं भिंतीत गिट्टी ठोकण्यापासून सुरू होतात. म्हणून माझं मत स्पष्ट आहे: पहिलं यंत्र साधं वायरवालं हॅमर ड्रिल, आरसीसीत वरचेवर भोकं पाडायची असतील तर एसडीएस बिटांचं रोटरी हॅमर. इम्पॅक्ट ड्रायव्हर दुसरा.

दुसरा गैरसमज खोक्यावरच्या आकड्याचा: टॉर्क जितका जास्त तितकं यंत्र भारी. छोट्या मोटारीच्या चाकाचे नट साधारण १०० न्यूटन मीटरने आवळतात आणि बारा व्होल्टचे लहान ड्रायव्हरही खोक्यावर तेवढाच किंवा त्याहून मोठा आकडा मिरवतात. ४ मिलिमीटरचा स्क्रू लाकडात बसवायला त्याचा दहावा हिस्साही लागत नाही. जादा ताकद जाते कुठे, ते मी देव्हाऱ्यावर शिकलो. सागवानी देव्हारा, पितळी बिजागरं, पितळी स्क्रू. ट्रिगर किंचित जास्त दाबला गेला आणि स्क्रूचं डोकं टक्कन तुटून चटईवर पडलं. दांडा लाकडातच. आईनं काही म्हटलं नाही, नुसतं पाहिलं.

जुने सुतार सागवानात पितळ कसं बसवतात? आधी स्क्रूच्या गाभ्याएवढं भोक. मग त्याच मापाचा लोखंडी स्क्रू घालून आटे पाडायचे आणि तो काढून घ्यायचा. शेवटी पितळी स्क्रूला मेणबत्तीचं मेण चोळून हातानं आवळायचा. साध्या कॉर्डलेस ड्रिलच्या तोंडाशी आकडे लिहिलेली एक रिंग असते; ठरलेल्या जोरानंतर ती कट-कट करत फिरणं थांबवते. इम्पॅक्ट ड्रायव्हरला अशी रिंग नसते. काहींना हलक्या कामासाठी वेगळे मोड असतात, तरी पार्टिकल बोर्डच्या मॉड्युलर फर्निचरमध्ये मी तो वापरत नाही. तिथे स्क्रू एकदा गरगर फिरला की भोकाचा भुगा होतो आणि पकड कायमची जाते.

मग इम्पॅक्ट ड्रायव्हर वापरायचा कुठे? पावसाळ्यापूर्वी गच्चीवरच्या पत्र्यांवर. सेल्फ ड्रिलिंग स्क्रूची षटकोनी डोकी, ८ मिलिमीटरचं चुंबकी सॉकेट आणि एक मोकळा हात. साधं ड्रिल अडलं की मनगट पिरगळतं. इथे ठोके आतल्या आत बसत असल्यानं हाताला झटका जाणवत नाही. शिडीवर उभं असताना याची किंमत कळते. फक्त रबरी वॉशर जरा दबला की थांबायचं. चेपून बाहेर आला, तर पहिल्याच पावसात पाणी तिथूनच. पलंगाचे बोल्ट, खिडकीच्या जाळीचे गंजलेले स्क्रू, माळ्याच्या फळ्यांचे अँगल ही कामंही त्याचीच.

व्होल्टच्या आकड्यांनी तर भलेभले फसतात. लिथियम सेल नेहमीच्या हिशेबात ३.६ व्होल्टचा, पूर्ण भरला की ४.२ पर्यंत जातो. तीन सेल म्हणजे १०.८, तेच यंत्र १२ व्होल्ट म्हणून विकतात. पाच सेल म्हणजे १८. तीच बॅटरी अमेरिकेत '२० व्होल्ट मॅक्स' आणि काही स्वस्त खोक्यांवर २१ होते. ४८, ८८ असले आकडे छापलेल्या बॅटरीत सेल पाचच असतील, तर ती १८ चीच. घरगुती कामाला १२ पुरतो. १८ घ्यायचा तो त्याच बॅटरीवर पुढे इतर यंत्रं चालवायची असतील तर. आणि बॅटरी पूर्ण संपवूनच चार्ज करायची हा नियम जुन्या निकेल-कॅडमियमचा. लिथियमला उलट रिकामं पडून राहणं सोसत नाही, आणि उन्हातल्या गाडीत ठेवलेलंही नाही.

परदेशातून आणवणार असाल तर चार्जरवरची बारीक अक्षरं वाचा. नुसतं १२० व्होल्ट लिहिलं असेल, तर आपल्या २३० च्या सॉकेटमध्ये तो घालू नका. बॅटरी तीच ठेवून त्याच कंपनीचा इथला जुळणारा चार्जर घ्यावा. मीही तेच केलं. विमानात सुटी बॅटरी हातातल्या बॅगेत, यंत्र चेक-इनमध्ये.

बिटांवर कंजुषी नको. स्क्रूड्रायव्हर सेटमधली चकचकीत बिटं या ठोक्यांनी तडकतात. इम्पॅक्टसाठी बनवलेली घ्या, त्यांचा मधला बारीक भाग पीळ सोसतो. स्टार स्क्रूला बहुतेक वेळा पीएच-२ लागतं. त्याचं टोक झिजलं की ते स्क्रूचं डोकं खातं, आणि मग दोष यंत्रावर येतो.

आवाज मात्र गैरसमज नाही. छोटा असला तरी हा ड्रायव्हर नव्वद डेसिबलच्या वर जातो. कानात बोळे हवेतच. आमच्या सोसायटीत दुपारी दोन ते चार ड्रिलला बंदी आहे. हे ड्रिल नव्हे, ठोके वेगळ्या दिशेने बसतात, असं मी वॉचमनला घण-ऐरणीसकट समजावून सांगितलं. त्यानं शांतपणे ऐकून घेतलं आणि चारनंतर सुरू करा म्हणाला.